गवताळ मैदानावरचे शेतकरी : विचिटा लोकांची चार शतके

उत्तर अमेरिकेच्या मधोमध, मिसिसिपीच्या खोऱ्यापासून रॉकी पर्वताच्या पायथ्यापर्यंत, गवताळ मैदानांचा विस्तीर्ण पट्टा पसरलेला आहे. या पट्ट्याच्या दक्षिण भागात, आजच्या कॅन्सस, ओक्लाहोमा आणि उत्तर टेक्सासमध्ये, विचिटा लोकांची वस्ती होती. त्यांची भाषा कॅडोअन कुळातली. उत्तरेकडचे पॉनी आणि अरिकारा हे त्यांचे भाषाबंधू, तर पूर्वेकडचे कॅडो दूरचे नातलग. विचिटा असे एकच संघटित राष्ट्र पूर्वी नव्हते. ताओवाया, टावाकोनी, वाको आणि खुद्द विचिटा अशा अनेक गटांची आपापली गावे होती, आपापले प्रमुख होते. किचाई हा वेगळी कॅडोअन भाषा बोलणारा गटही पुढे त्यांच्यात मिसळला.

मैदानी जमाती म्हटले की घोड्यावर स्वार झालेला, डोक्यावर पिसांचा तुरा मिरवणारा, कातडी तंबूत राहणारा शिकारी डोळ्यांसमोर येतो. हे चित्र खोटे नाही, पण ते जेमतेम दीडदोन शतकांचे आहे. त्याच्या कितीतरी आधीपासून या मैदानातल्या नद्यांकाठी शेतकऱ्यांची गावे नांदत होती. विचिटांचे पूर्वज तेराव्या-चौदाव्या शतकात ओक्लाहोमातल्या वॉशिटा नदीच्या खोऱ्यात मका पिकवत होते. पंधराव्या शतकापासून कॅन्ससमध्ये, आर्कान्सॉ नदी जिथे मोठे वळण घेते त्या परिसरात, त्यांची मोठी गावे उभी राहिली. मैदानी संस्कृती समजून घ्यायची तर सुरुवात या गावांपासूनच करायला हवी.

विचिटांचे गवती घर ही त्यांची सर्वांत ठळक ओळख. आधी जमिनीवर वर्तुळ आखून त्यावर दुबेळक्या मेढी रोवत आणि मेढींच्या बेळक्यांत आडव्या तुळया बसवत. मग बाहेरच्या बाजूने लांब, लवचीक वासे वर्तुळाकार पुरून ते तुळयांवर टेकवत आणि माथ्यावर एकत्र बांधत. या वाशांवर खालून वर आडव्या काठ्या बांधल्या की सांगाडा तयार होई. त्यानंतर शाकारणी. ती तळापासून सुरू व्हायची. गवताच्या पेंढ्यांचा एक थर, त्यावर दाब द्यायला बारीक काठ्यांचे कडे, मग त्या कड्याला झाकणारा वरचा थर. अशा रीतीने थरावर थर चढत शेंड्यापर्यंत पोचले की दुरून ते घर एखाद्या मोठ्या गवताच्या उडवीसारखे दिसे. घराचा व्यास बहुधा पंधरा ते तीस फूट असे, काही घरे त्याहूनही मोठी असत. मेढी-वासे आणणे-रोवणे हे पुरुषांचे काम, शाकारणी मात्र बायकांची आणि घरही बाईचेच.

या रचनेला धार्मिक अर्थ होता. शेंड्यावर चार दिशांना चार टोके बाहेर काढलेली असत आणि मधोमध एक उंच टोक. चार टोके चार दिशांच्या देवतांची, मधले टोक सर्वांचा कर्ता असलेल्या किनिकासस या देवाचे. दार पूर्वेला आणि पश्चिमेला, म्हणजे उगवता सूर्यही घरात डोकावेल आणि मावळताही. मध्यभागी चूल असे आणि ती जागा पवित्र मानली जाई. भिंतींच्या कडेने जमिनीपासून उंच बाजा मांडलेल्या असत, त्यांच्यापुढे बायसनच्या कातड्याचे पडदे, अनेकदा रंगवलेले. एका घरात आठदहा माणसे सहज राहत. लग्नानंतर जावई सासुरवाडीला राहायला येई, त्यामुळे आजी, तिच्या मुली आणि त्या मुलींची मुलेबाळे हाच घराचा गाभा असे.

घराभोवती मांडव आणि उंच माच असत. मांडवाखाली सावलीत कामे चालत, माचांवर धान्य आणि मांस वाळत. त्यापलीकडे शेते. मका, घेवड्याच्या जातीच्या शेंगा, भोपळा, सूर्यफूल आणि तंबाखू ही त्यांची पिके. पुढे युरोपीय लोकांबरोबर आलेले कलिंगडही त्यांनी आपलेसे केले. नांगर नव्हता आणि ओढायला जनावरही नव्हते. बायसनच्या खांद्याचे रुंद हाड दांड्याला बांधले की कुदळ होई, नडगीचे हाड काठीच्या टोकाला बसवले की माती उकरायचे अवजार. कॅन्ससमधल्या जुन्या वस्त्यांच्या उत्खननात अशी हाडाची अवजारे मोठ्या संख्येने मिळतात आणि त्यांची वापराने गुळगुळीत झालेली टोके त्या कष्टांची साक्ष देतात.

पीक हाती आले की खरी धांदल सुरू होई. कोवळी कणसे भाजून, दाणे सोडवून वाळवत. भोपळ्याची तऱ्हा तर खास होती. भोपळा सोलून त्याच्या लांब पट्ट्या काढत, त्या उन्हात अर्धवट सुकू देत, मग ठोकून चपट्या करत आणि चटई विणावी तशा एकमेकींत विणत. अशी भोपळ्याची चटई पूर्ण वाळली की घडी घालून ठेवता येई, घोड्यावर लादता येई आणि हवा तेवढा तुकडा तोडून मांसाबरोबर शिजवता येई. शेती न करणाऱ्या कोमांची आणि कायोवा लोकांना या चटयांचे भारी अप्रूप होते. टिकाऊपणा, वाहतूक आणि व्यापार अशा तिन्ही अडचणींवर बायकांनी आपल्या हातांनी काढलेला इतका नेटका तोडगा मैदानी जीवनात क्वचितच दुसरा सापडेल.

वाळवलेले धान्य पेवांत साठवत. पेवाचे तोंड अरुंद आणि पोट रुंद असे. तोंड बुजवून टाकले की परक्याला त्याचा पत्ता लागत नसे. हे आवश्यकच होते, कारण सुगीनंतर सारे गाव शिकारीला निघून जाई. हिवाळाभर बायसनच्या कळपांमागे हिंडताना विचिटा लोकही कातडी तंबूत, म्हणजे टिपीत राहत आणि वसंतात पेरणीच्या वेळी गवती घरांत परतत. शेतकरी आणि शिकारी हे दोन वेगळे समाज असतात हा आपला समज इथे टिकत नाही. एकच कुटुंब वर्षातले काही महिने एक जीवन जगे आणि उरलेले महिने दुसरे.

बायसनचे जवळजवळ काहीही वाया जात नसे. मांस पातळ कापून वाळवत, शिरांचा दोरा होई, शिंगांचे पळे, हाडांची अवजारे. कातडे कमावणे हे सर्वांत कष्टाचे काम. ओले कातडे जमिनीवर खुंट्या मारून ताणायचे, आतल्या बाजूचे मांस-चरबी दगडी खरवडणीने काढायची, मग जनावराचा मेंदू चोळून ते मऊ करायचे, पुन्हापुन्हा ताणायचे आणि हवे तर धूर द्यायचा. हे कामही बायकांकडेच होते. ओक्लाहोमाच्या उत्तर सीमेजवळच्या अठराव्या शतकातल्या दोन विचिटा गावांच्या जागी अशा खरवडण्या इतक्या सापडल्या आहेत, की फ्रेंच व्यापाऱ्यांसाठी तिथे कातड्यांचा मोठा धंदाच चालत असावा असे दिसते.

विचिटांचे अंग गोंदणाने भरलेले असे. पुरुषांच्या पापण्यांवर, डोळ्यांच्या कडांना आणि ओठांच्या कोपऱ्यांपासून खाली रेषा काढलेल्या असत. बायकांच्या हनुवटीवर रेषा आणि छातीवर एकात एक वर्तुळे. त्यांच्या स्वतःच्या भाषेतले जमातीचे नाव डोळ्यांभोवतीच्या या गोंदणावरून, रॅकूनच्या डोळ्यांच्या उपमेने, आले असे सांगतात. स्पॅनिश लोकांनी त्यांना ‘रायादो’, म्हणजे रेषावाले म्हटले. फ्रेंचांच्या तोंडीही गोंदलेले पॉनी याच अर्थाचे नाव होते.

गावाचा प्रमुख योद्ध्यांच्या संमतीने ठरे. त्याच्या जोडीला एक दुय्यम प्रमुख असे आणि त्याच्याकडे मोठे विलक्षण काम होते. गावासाठी पुढची चांगली जागा कुठे आहे याचा त्याने सतत शोध घ्यायचा. पाणी, काळी जमीन, लाकूडफाटा आणि शत्रूपासून अंतर यांचा मेळ बसवणारे हे पद जमातीच्या इतिहासाला साजेसेच होते, कारण पुढच्या काळात या लोकांना वारंवार गाव हलवावे लागले.

१९०४ साली मानववंशशास्त्रज्ञ जॉर्ज डॉर्सी यांनी विचिटांच्या पुराणकथांचा मोठा संग्रह प्रसिद्ध केला. त्यातल्या सृष्टिकथेत पहिल्या पुरुषाने माणसांना धनुष्यबाण आणि शिकार शिकवली, पहिल्या स्त्रीने मक्याचे बी आणि त्याची लागवड दिली. कार्य संपल्यावर तो पहाटतारा झाला आणि ती चंद्र. म्हणून नव्या बाळासाठी चंद्राकडे प्रार्थना करत. शिकार आणि शेती या दोन्हींना एकाच कथेत, एकाच मोलाने स्थान देणारी ही मांडणी त्यांच्या वर्षक्रमाशी तंतोतंत जुळते. मृगनृत्य, पावसासाठीचे विधी आणि परक्या गटाशी नाते जोडणारा पवित्र चिलमीचा समारंभ हे त्यांचे महत्त्वाचे सोहळे होते.

युरोपीय माणूस विचिटांच्या प्रदेशात पहिल्यांदा आला तो १५४१ मध्ये. फ्रान्सिस्को वास्केझ दे कोरोनाडो हा स्पॅनिश सेनानी सोन्याच्या शोधात न्यू मेक्सिकोत पोचला होता. तिथे स्पॅनिशांनी ‘तुर्क’ असे नाव ठेवलेल्या एका बंदिवान मार्गदर्शकाने त्याला क्विविरा नावाच्या श्रीमंत देशाच्या गोष्टी सांगितल्या. मैदानात वाट चुकल्यावर बहुतेक सैन्य मागे धाडून कोरोनाडो तीसेक घोडेस्वारांनिशी उत्तरेला निघाला आणि जूनअखेर आर्कान्सॉ नदीवर आला. क्विविरा म्हणजे विचिटांची गवती गावे निघाली. तिथे सोने नव्हते. एका प्रमुखाच्या गळ्यातला तांब्याचा तुकडा एवढाच काय तो धातू त्याला दिसला. चिडलेल्या स्पॅनिशांनी तुर्काचा गळा आवळून जीव घेतला. मात्र राजाला लिहिलेल्या पत्रात कोरोनाडोने तिथल्या काळ्या, सुपीक जमिनीची मनापासून स्तुती केली आणि आलुबुखार, द्राक्षे, तुती यांची नोंद केली. याच मोहिमेच्या वृत्तान्तात मैदानातल्या शिकारी गटांचेही वर्णन येते. घोडा त्यांच्याकडे अजून नव्हता. तंबूच्या काठ्या आणि सामान कुत्र्यांच्या पाठीला बांधून ते पायी हिंडत. शेतकऱ्यांच्या गावांशी त्यांची देवघेव तेव्हाही चालू होती.

१६०१ मध्ये न्यू मेक्सिकोचा गव्हर्नर हुआन दे ओन्याते सत्तरहून अधिक सैनिक घेऊन त्याच प्रदेशात आला. आर्कान्सॉ आणि वॉलनट नद्यांच्या संगमाजवळ त्याला एक मोठी वस्ती लागली. घरे एकमेकांना खेटून नव्हती, मधल्या मोकळ्या जागांत मक्याची आणि भोपळ्याची शेते होती. प्रथम लोकांनी मक्याच्या भाकऱ्या देऊन स्वागत केले, पण स्पॅनिशांनी काही जणांना ओलीस धरताच सारे गाव रिकामे झाले. सैनिकांनी बाराशेच्या आसपास घरे मोजली, तरी वस्तीचे टोक आले नव्हते. परतताना एस्कान्हाके नावाच्या दुसऱ्या गटाशी त्यांची लढाई झाली. तिथे पकडलेल्या मिगेल नावाच्या माणसाने १६०२ मध्ये मेक्सिको शहरात या मुलखाचा नकाशा काढून दिला. त्या वस्तीचे एत्झानोआ हे नाव त्याच्याकडूनच कळले.

पुढे चार शतके ही जागा विस्मृतीत गेली. विचिटा स्टेट युनिव्हर्सिटीचे पुरातत्त्वज्ञ डोनाल्ड ब्लेकस्ली यांनी स्पॅनिश कागदपत्रांच्या नव्या भाषांतरांचा आधार घेऊन आजच्या आर्कान्सॉ सिटी या गावी शोध घेतला. २०१५ नंतर तिथे लढाईतल्या तोफांच्या लोखंडी गोळ्या आणि वस्तीच्या खुणा हाती आल्या. एत्झानोआत सुमारे वीस हजार लोक राहत असावेत असा त्यांचा अंदाज आहे. आकड्याबद्दल मतभेद होऊ शकतात, पण मैदानात शहराएवढी वस्ती होती हे आता नाकारणे अवघड आहे.

सतराव्या शतकात स्पॅनिश वसाहतींतले घोडे मैदानात पसरले आणि साऱ्या हिशेबाची घडीच बदलली. पायी शिकार करणाऱ्याला कळप घेरायला किंवा कड्यावरून लोटायला अनेक माणसे लागत. घोडेस्वार मात्र एकटाही धावत्या बायसनला गाठू शकत होता. कोमांची, कायोवा, शायान, लकोटा या जमातींचे जगप्रसिद्ध अश्वारूढ जीवन इथून आकाराला आले. मोठे तंबू आणि दूरदूरचे छापे शक्य झाले, घोड्यांच्या संख्येवर प्रतिष्ठा मोजली जाऊ लागली. भिन्न भाषांच्या जमाती हातांच्या खुणांच्या एका सामाईक भाषेत सहज व्यवहार करत. पण केवळ मांसावर त्यांचे भागत नसे. मका, भोपळा आणि तंबाखू शेतकऱ्यांकडूनच घ्यावी लागे आणि बदल्यात कातडी, मांस, घोडे द्यावे लागत. उत्तरेला मॅन्डन आणि हिदात्सा हे शेतकरी जे करत होते, तेच दक्षिणेला विचिटा करत होते.

१७१९ मध्ये बेनार्द द ला आर्प आणि क्लोद शार्ल द्यु तिस्ने हे दोन फ्रेंच प्रवासी वेगवेगळ्या वाटांनी विचिटांच्या गावांत पोचले. त्यांच्यामागोमाग बंदुका, दारूगोळा, लोखंडी कुऱ्हाडी आणि काचमणी आले. व्यापाराला एक काळी बाजूही होती. शत्रुपक्षाच्या, विशेषतः अपाची, बंदिवानांना गुलाम म्हणून फ्रेंचांना विकले जाई. शिवाय बंदुका फक्त विचिटांनाच मिळत नव्हत्या. ईशान्येकडचे ओसेज लोक त्यांच्या आधीच शस्त्रसज्ज झाले होते आणि त्यांच्या हल्ल्यांपायी विचिटांना आर्कान्सॉचे खोरे सोडून दक्षिणेला सरकावे लागले. अठराव्या शतकाच्या मध्यावर ताओवाया गटाने कोमांचींशी तह केला आणि रेड नदीच्या दोन्ही काठांवर जोडगावे वसवली. ती गावे म्हणजे दक्षिण मैदानाची बाजारपेठच होती.

१७५८ च्या मार्चमध्ये कोमांची, विचिटा आणि त्यांच्या मित्रांनी टेक्सासमधले स्पॅनिशांचे सान साबा मिशन उद्ध्वस्त केले. सूड घेण्यासाठी कर्नल दिएगो ओर्तिझ पारिया पुढच्या वर्षी पाचशेहून अधिक सैनिक आणि दोन तोफा घेऊन रेड नदीवर चालून गेला. ७ ऑक्टोबर १७५९ रोजी त्याच्यापुढे जे उभे होते ते पाहून तो चकित झाला. गावाभोवती लाकडी तटबंदी, मातीचा बांध, खंदक आणि वर फडकणारा फ्रेंच झेंडा. तोफांचा काही उपयोग झाला नाही. तटाबाहेर पडून घोडेस्वारांनी हल्ले चढवले आणि अंधार पडल्यावर पारियाने तोफा तिथेच टाकून माघार घेतली. टेक्सासमधल्या स्पॅनिश सत्तेचा हा एक मोठा पराभव होता आणि तो शेतकऱ्यांच्या गावाने केला होता. १७७१ मध्ये स्पेनने ताओवायांशी तह केला.

शत्रूच्या सैन्याला रोखणारी तटबंदी देवीच्या साथीपुढे मात्र निरुपयोगी ठरली. १७७७-७८ च्या साथीने दाट वस्तीच्या गावांचे फार मोठे नुकसान केले. तंबूत विखरून राहणाऱ्या शिकाऱ्यांपेक्षा अशा गावांना साथीचा फटका नेहमीच जास्त बसला आणि मैदानावरचे सत्तेचे पारडे शिकारी जमातींकडे झुकण्याचे हे एक मुख्य कारण होते. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला रेड नदीवरची जोडगावेही सोडून द्यावी लागली.

१८३४ मध्ये कर्नल हेन्री डॉज यांच्या नेतृत्वाखाली अमेरिकी घोडदळ विचिटा डोंगररांगेजवळच्या गावात पोचले. त्यांनी व्यवस्थित राखलेली मक्याची, भोपळ्याची आणि कलिंगडांची शेते पाहिली. पुढच्या वर्षी अमेरिकेशी पहिला करार झाला, पण करारांनी शांतता आली नाही. १ ऑक्टोबर १८५८ रोजी रश स्प्रिंग्जजवळ अर्ल व्हॅन डॉर्नच्या तुकडीने विचिटांच्या गावाजवळ उतरलेल्या कोमांचींवर हल्ला केला. त्या धामधुमीत विचिटांची उभी पिके गेली आणि घरदार सोडून त्यांना लष्करी ठाण्याच्या आसऱ्याला जावे लागले. १८५९ मध्ये टेक्सासमधल्या राखीव क्षेत्रातून वाको आणि टावाकोनी यांनाही हुसकावून इंडियन टेरिटरीत, म्हणजे आजच्या ओक्लाहोमात, आणण्यात आले.

अमेरिकेतल्या यादवी युद्धाने तेही घर मोडले. विचिटा उत्तरेला कॅन्ससमध्ये गेले आणि लिटल आर्कान्सॉ नदीच्या संगमाजवळ त्यांनी गवती घरे बांधली. तिथेच पुढे वसलेल्या शहराला त्यांचे नाव मिळाले. ही भूमी त्यांच्या पूर्वजांचीच होती, पण इथे ते निर्वासित म्हणून राहत होते. १८६७ मध्ये दक्षिणेला परतताना पटकी आणि उपासमारीने अनेक जण दगावले. १८७२ मध्ये वॉशिटा नदीच्या परिसरात सुमारे ७ लाख ४३ हजार एकरांचे राखीव क्षेत्र ठरले, पण अमेरिकी काँग्रेसने त्या कराराला कधीच मंजुरी दिली नाही. त्याच दशकात कातड्यांच्या धंद्यासाठी शिकाऱ्यांनी दक्षिणेकडचा बायसनचा कळप जवळजवळ संपवला आणि हिवाळी शिकारीचा जुना वर्षक्रम कायमचा थांबला.

शेतीत मुरलेले हे लोक सरकारी धोरणाच्या अपेक्षेत बसणारे होते, तरी त्यांची जमीन वाचली नाही. १८९१ च्या जेरोम कराराने प्रत्येकाच्या वाट्याला १६० एकर आले. उरलेली जमीन १९०१ मध्ये सोडत काढून गोऱ्या वसाहतवाल्यांना देण्यात आली. गवती घरांच्या जागी फळ्यांची घरे आली. अनाडार्कोजवळच्या रिव्हरसाइड शाळेसारख्या सरकारी शाळांत मुले इंग्रजी शिकू लागली. विसाव्या शतकाच्या आरंभी विचिटांची संख्या काही शेंवर आली होती. १८९८ च्या ओमाहा प्रदर्शनात त्यांनी गवती घर बांधून दाखवले. तोपर्यंत ते घर रोजच्या वापरातून मागे पडत चालले होते.

आज ‘विचिटा अँड अफिलिएटेड ट्राइब्ज’ या नावाने विचिटा, वाको, ताओवाया, टावाकोनी आणि किचाई एका शासनाखाली आहेत, त्यांचे मुख्यालय अनाडार्कोला आहे. भाषाशास्त्रज्ञ डेव्हिड रूड यांनी १९६०च्या दशकापासून विचिटा भाषेचे ध्वनिमुद्रण आणि व्याकरण तयार केले. ही भाषा अस्खलित बोलणाऱ्या शेवटच्या व्यक्ती डोरिस लमार-मॅक्लेमोर ऑगस्ट २०१६ मध्ये वारल्या. त्यांनी रूड यांच्याबरोबर नोंदवून ठेवलेल्या शब्दांच्या आणि वाक्यांच्या आधारे जमातीने शिकवणीचे वर्ग चालवले आहेत. पॉनी लोकांशी असलेले नातेही टिकून आहे. उन्हाळ्यात एक वर्ष पॉनी विचिटांकडे पाहुणे येतात, पुढच्या वर्षी विचिटा पॉनींकडे जातात. या भेटीत जेवणावळी, नाच, हातांचे पारंपरिक खेळ आणि भेटवस्तूंची देवघेव होते, आणि दोन्ही जमाती आपले एकमेकांशी असलेले भावबंध दरवर्षी नव्याने जोडतात.